रेडी रेकनर ६० लाख, गिऱ्हाईक ५२ लाखांचं: फ्लॅट विकावा का?

प्रश्न: नाशिकमधला आमचा तिसऱ्या मजल्यावरचा फ्लॅट विकायचा आहे. २००४ मध्ये नवीन इमारतीत घेतला होता, लिफ्ट नाही. एजंटने रेडी रेकनरप्रमाणे, म्हणजे सरकारी दरांच्या तक्त्याप्रमाणे, किंमत ६० लाख काढली आहे. एक जण ५२ लाख देतोय, सगळे बँकेतून. दुसरा ६० द्यायला तयार आहे, पण ४२ चेकने आणि १८ रोख. कोणाला द्यावा?

उत्तर: दुसऱ्याला नाहीच. नीती-अनीती घटकाभर बाजूला ठेवली तरी हा सौदा हिशेबातच बसत नाही. खरेदीखतात ४२ लाख लिहिले म्हणून तुमचा नफा ४२ वर मोजला जाणार नाही. सरकारी मूल्यांकन ६० असेल तर आयकर खातं विक्री ६० लाखांनाच झाली असं धरतं. म्हणजे कर पुरा भरायचा आणि वर १८ लाखांच्या नोटा कपाटात सांभाळत बसायचं. शिवाय घर-जमिनीच्या व्यवहारात २० हजार किंवा त्याहून जास्त रोख घेतली तर तेवढ्याच रकमेचा दंड होऊ शकतो. खरेदीदाराची मुद्रांक शुल्कातही बचत नाही, कारण ते दोन्हीपैकी जास्त किमतीवरच लागतं.

५२ लाखांच्या सौद्यात मात्र दम आहे, फक्त एक खाच आहे. मूल्यांकन प्रत्यक्ष किमतीच्या ११० टक्क्यांपर्यंत असेल तर आयकर खातं प्रत्यक्ष किंमत मान्य करतं. ५२ चे ११० टक्के होतात ५७.२० लाख. तुमचे ६० त्याच्या वर जातात, आणि ही मर्यादा ओलांडली की वरचे २.८० लाख नव्हे, पूर्ण ६० धरले जातात. हातात न आलेल्या ८ लाखांवर १२.५ टक्के भांडवली नफा कर आणि सेस (करावरचा उपकर) धरून तुम्हाला १,०४,००० रुपये जादा कर बसेल. (फ्लॅट जुना असल्याने खरेदी किंमत महागाई निर्देशांकाने वाढवून उरलेल्या नफ्यावर २० टक्क्यांचा पर्यायही आहे. सीएकडून दोन्ही हिशेब करून घ्या.) खरेदीदाराचं दुखणं याहून मोठं. तेच ८ लाख त्याचं 'इतर उत्पन्न' ठरतात. तो ३० टक्क्यांच्या स्लॅबमध्ये असेल तर सेससह २,४९,६०० रुपये गेले. बऱ्याच जणांना हे नोटीस आल्यावरच समजतं.

म्हणून आधी ते ६० लाखच तपासा. एजंट मंडळी बहुतेक वेळा दर गुणिले क्षेत्रफळ करून मोकळी होतात. वार्षिक मूल्यदर तक्त्यांसोबतच्या (म्हणजे रेडी रेकनरच्याच) सूचनांमध्ये इमारतीच्या वयानुसार घसारा, म्हणजे किमतीत कपात, मिळतो, लिफ्ट नसेल तर वरच्या मजल्यांना घटही मिळते. तुमच्या फ्लॅटला दोन्ही लागू व्हायला हवेत. पूर्णत्वाचा दाखला शोधून ठेवा, म्हणजे वयाचा पुरावा होईल, आणि नोंदणीची कामं रोज करणाऱ्या वकिलाकडून मूल्यांकन करून घ्या. आकडा ५७.२० लाखांच्या आत आला तर ५२ ला विकायला माझी काहीच हरकत नाही.

नाहीच आला, तर खरेदीदाराला समोर बसवून कागदावर हिशेब दाखवा आणि ५४.६० लाख मागा. त्याचे ११० टक्के ६०.०६ लाख, म्हणजे दोघंही सुटलात. त्याला २.६० लाख जास्त मोजावे लागतील, पण अडीच लाखांचा कर वाचेल. तेच पैसे सरकारऐवजी घराच्या किमतीत जातील. इतकं उघड गणित नाकारणारं गिऱ्हाईक मला क्वचितच दिसतं, अर्थात त्याचा स्लॅब खालचा असेल तर तो अडून बसेल. मग ५३-५४ वर तडजोड करण्यात अर्थ नाही; मर्यादा ओलांडलेलीच राहते.

सरकारी मूल्यांकन बाजारभावापेक्षा जास्त आहे असं सांगून मूल्यांकन अधिकाऱ्याकडे प्रकरण पाठवण्याची मागणी आयकर अधिकाऱ्याकडे करता येते. पण त्या भरवशावर आज कमी किमतीला होकार देऊ नका.

किंमत किंवा मूल्यांकन ५० लाख किंवा जास्त असल्याने खरेदीदार पैसे देतानाच एक टक्का टीडीएस (तुमच्या नावाने आगाऊ भरायचा कर) कापेल, तेव्हा पॅन आधारशी जोडलेलं आहे ना ते पाहा. आणि टोकन कितीही लहान असो, साठेखताच्या (खरेदीखताआधीच्या विक्री कराराच्या) दिवशी किंवा त्याआधी ते बँकेतूनच घ्या. पुढे खरेदीखत लांबलं आणि १ एप्रिलला दर वाढले, तर साठेखताच्या तारखेचं मूल्यांकन धरून घेण्यासाठी बँकेतली तीच नोंद लागते.