मॅच लोड होत नाही म्हणून फॉरमॅट मारू का? नको मारूस

तू लिहिलंयस ते थोडक्यात असं. काउंटर-स्ट्राइक २ या ऑनलाइन नेमबाजीच्या गेममध्ये मॅच सापडते, ॲक्सेप्ट होते, मॅप लोड व्हायला लागतो, मध्येच अडकतो आणि गेम तुला परत मेनूत आणून सोडतो. असं चार वेळा झालं, आता ७ दिवसांचा कूलडाउन, म्हणजे कॉम्पिटिटिव्ह मॅचवर बंदी, बसलाय. नेट १०० एमबीपीएसचं आहे आणि स्पीड टेस्टही तेवढंच दाखवते. शेजारचे एक दादा रविवारी येऊन ५०० रुपयांत फॉरमॅट मारून देणार आहेत. तर मारू का?

नको मारूस. बारावीला आहेस म्हणतोस म्हणून अरेतुरे करतोय, राग मानू नकोस. तुझ्या प्रश्नातला 'फॉरमॅट' हा शब्द वाचला आणि मला राहवेना.

हे सगळं माझ्या घरात अगदी असंच घडलंय. २०२१ ची गोष्ट. आम्ही कराडचे, बाबांचं हार्डवेअरचं दुकान. पाइप, पत्रे, सिमेंट, मोटारीची वायर. दुसऱ्या लॉकडाउनमध्ये दुकान बंद, म्हणून दुकानातला कॉम्प्युटर घरी आणलेला. त्यावर दिवसा बहिणीची दहावीची लेक्चरं, संध्याकाळी बाबांचे हिशोब आणि रात्री दहानंतर मी. तेव्हा सीएसगो, म्हणजे याच गेमची आधीची आवृत्ती होती, अजून २ आलेला नव्हता. सुरुवातीला व्यवस्थित चाललं. मग एप्रिलमध्येच आम्ही नवीन फायबर कनेक्शन घेतलं आणि त्याच आठवड्यात मॅच लोड होणं बंद झालं. मॅप येतो, पट्टी भरते, मग 'कनेक्शन टाइम आउट', आणि वर हिरवं रीकनेक्टचं बटण. ते दाबलं की परत तेच. आधी ३० मिनिटांचा कूलडाउन, मग २ तासांचा, मग २४ तासांचा, मग तुझ्यासारखाच ७ दिवसांचा. कॉलेजच्या चार मित्रांची मॅच माझ्यामुळे दर वेळी बोंबलायची.

नेटवाल्यांना फोन केला. त्यांचा मुलगा आला, मोबाइलवर स्पीड टेस्ट लावली, ९४ आकडा आला. "नेट ओके आहे दादा, तुमच्या गेमचाच प्रॉब्लेम." आणि गेला. स्पीड टेस्ट दाखवून तक्रार बंद करणाऱ्या माणसावर कधीही विश्वास ठेवू नकोस. का ते पुढे सांगतो.

मग माझा मामेभाऊ. तो कॉम्प्युटर दुरुस्ती करतो, आमच्या अख्ख्या नातेवाइकांत त्याचा शब्द शेवटचा. त्याने फोनवरच सांगून टाकलं, "व्हायरस आहे. या गेममधूनच येतात. फॉरमॅट मारायला लागेल." ९ मे, रविवार. आला, पेनड्राइव्ह लावला, विंडोजची ती निळी खिडकी उघडली. ड्राइव्हची यादी आली. सी, डी, ई. मला वाटलं सी तेवढा पुसेल. त्याने डिलीट, डिलीट, डिलीट असं तीनदा केलं आणि म्हणाला, "जुनं पार्टिशन ठेवलं की लफडी होतात." मी शेजारच्या स्टुलावर बसलो होतो. तिसऱ्यांदा क्लिक झालं तेव्हा पोटात खड्डा पडला, कारण डी मध्ये बाबांची उधारीची एक्सेल होती. तीन वर्षांची.

आमच्याकडे उधारी म्हणजे काय ते या भागातला माणूस असशील तर तुला सांगायला नको. ऊसबिल आलं की पैसे. माल उन्हाळ्यात जातो, पैसे हप्त्याहप्त्याने येतात. मालाची बिलं दुकानात तारेला ओवलेली होती, ती वाचली. पण कोणी मधेच येऊन दोन हजार टेकवले, कोणी जावयाच्या हाती पाच हजार पाठवले, हे सगळं फक्त त्या एक्सेलमध्ये. रोज रात्री बाबा चिठ्ठीवरून वाचायचे आणि मी टाइप करायचो.

बाबा मला एक शब्द बोलले नाहीत. दुसऱ्या दिवसापासून तारेची बिलं काढून जाजमावर पसरली, गावांप्रमाणे गठ्ठे लावले आणि एकेकाला फोन करायला लागले. "आबा, जरा चूक झालीय आमच्याकडनं. तुमचे किती राहिलेत तेवढं तुम्हीच सांगा." हे वाक्य मी आतल्या खोलीतून दहा-अकरा रात्री ऐकलं. 'आमच्याकडनं' म्हणायचे, 'पोरानं' नाही. बहुतेकांनी खरं सांगितलं. काहींनी आमच्या अंदाजापेक्षा जास्तच सांगितलं. दोघा-तिघांनी "सगळं फिटलंय की" म्हणून फोन ठेवला. बाबांनी वहीत त्यांच्या नावापुढे रेघ मारली.

आणि गेमचं काय झालं म्हणशील. फॉरमॅटनंतर दोन रात्री लावून सगळं परत डाउनलोड केलं. पहिलीच मॅच. मॅप आला, पट्टी भरली, टाइम आउट.

२७ मेला पावसाआधीच्या गटाराच्या कामाला जेसीबी आला आणि आमच्या गल्लीची फायबर केबल तोडून गेला. नेट बंद. बहिणीचं लेक्चर होतं म्हणून मोबाइल केबलने कॉम्प्युटरला जोडून दिला. तिचं झाल्यावर मी सहज गेम उघडला. मॅच पहिल्या फटक्यात लोड झाली. तोच कॉम्प्युटर, तीच विंडोज, तोच गेम, फक्त घरचं नेट नाही! मी मॅच पूर्ण न खेळता उठलो आणि केबल जोडली जाण्याची वाट बघत बसलो.

संध्याकाळी नेट आल्यावर राउटरचं पान उघडलं. ब्राउझरमध्ये १९२.१६८.१.१, पासवर्ड राउटरखालच्या स्टिकरवर. त्यात सिस्टिम लॉग म्हणून एक भाग असतो. एका खिडकीत लॉग ठेवला, दुसरीकडे डेथमॅच टाकली, म्हणजे मध्येच सोडली तरी चालते अशी साधी मॅच. घड्याळात १०:४२ ला गेम अडकला. लॉगमध्ये १०:४२ ला ओळ पडली: यूडीपी फ्लड, पॅकेट ड्रॉप. म्हणजे यूडीपी या पद्धतीने येणाऱ्या डेटाचा पूर आलाय असं समजून राउटरने ते तुकडे फेकून दिले. परत केलं. १०:४९ ला अडकला, १०:४९ ची ओळ. सिक्युरिटीच्या पानावर डॉस प्रोटेक्शन, म्हणजे डेटाचा मारा करून नेट बंद पाडणाऱ्या हल्ल्यापासूनचं संरक्षण, चालू होतं आणि त्यात यूडीपी फ्लडची मर्यादा सगळ्यात खालची. कनेक्शन जोडताना त्या मुलाने 'सेफ्टीसाठी' म्हणून सगळ्या टिका मारल्या होत्या. मी ती एक टीक काढली, सेव्ह केलं, राउटर रीस्टार्ट केला. त्या रात्री दोनपर्यंत खेळलो. एकदाही बाहेर पडलो नाही.

आता स्पीड टेस्टचं. लॉगिन, मेनू, मित्रांची यादी, स्किनचं दुकान हे सगळं साध्या वेबसाइटसारखं चालतं, टीसीपी या पद्धतीवर. त्यात एखादं पॅकेट, म्हणजे डेटाचा तुकडा, हरवलं तर ते परत मागवलं जातं, तुला कळतही नाही. मॅच सुरू झाली की गेम यूडीपीवर जातो. तिथे हरवलेल्या पॅकेटसाठी कोणी थांबत नाही, कारण थांबलं तर शत्रू अर्धा सेकंद मागे दिसेल. सीएसगोचे सर्व्हर सेकंदाला ६४ वेळा माहिती पाठवायचे. त्यात मॅपमध्ये शिरताना सुरुवातीची सगळी परिस्थिती एकदम येते. वर गेम बनवणाऱ्या व्हॉल्व्ह कंपनीचे सर्व्हर थेट बोलत नाहीत, मध्ये रिले, म्हणजे डेटा पुढे पाठवणारे थांबे असतात, आपल्याकडे मुंबई आणि चेन्नईला. त्या रिलेंना पिंग करणंही यूडीपीवरच. एखादा भित्रा राउटर हे सगळं बघतो आणि हल्ला झाला असं समजून दार लावतो. म्हणून मेनू झकास आणि मॅच बंद. स्पीड टेस्टला यातलं काहीच दिसत नाही. ती फक्त नळाला पाणी किती येतं ते मोजते.

बहिणीच्या लेक्चरमध्ये एप्रिलपासूनच आवाज तुटायचा. तेही यूडीपीच. आम्ही सगळे तिच्या हेडफोनला नावं ठेवत होतो. यूट्यूब मात्र चालायचं, कारण त्याला एक वाट अडली की गुपचूप दुसरीने येता येतं. गेमला तशी सोय नाही.

तर तू काय करायचंस. आधी नेट काढून बॉट्सबरोबर, म्हणजे कॉम्प्युटरच खेळवतो त्या खेळाडूंबरोबर, प्रॅक्टिस मॅच लाव. मॅप लोड झाला तर तुझी डिस्क, ग्राफिक कार्ड, गेमच्या फाइली बहुतेक ठीक आहेत, तो विषय संपला. मग मोबाइलचा हॉटस्पॉट लाव आणि डेथमॅच टाक. कूलडाउन असला तरी डेथमॅच आणि कॅज्युअल खेळता येतं, आणि त्यातून बाहेर पडलं तर नवा कूलडाउन लागत नाही. तपासायला कॉम्पिटिटिव्ह कधीच वापरू नकोस, उरलेल्या नऊ जणांची वाट लागते. अपडेट शिल्लक असेल तर ते आधी घरच्या नेटवर उरकून घे, नाहीतर मोबाइलचा डेटा त्यातच जाईल. हॉटस्पॉटवर चाललं तर दोष घरच्या राउटरचा नाहीतर नेटवाल्याचा. मग लॉग बघ, वेळ जुळवून बघ.

हॉटस्पॉटवरही नाही चाललं तर स्टीममधून, म्हणजे गेम जिथून डाउनलोड केलास त्या ॲपमधून, फाइली व्हेरिफाय कर, अँटिव्हायरसने काही उचलून क्वारंटाइनमध्ये टाकलंय का बघ, विंडोज फायरवॉलमध्ये गेमला परवानगी आहे का बघ. बस.

माझा मामेभाऊ अजूनही मानत नाही. मागच्या दिवाळीत फराळाला सगळे जमलेले, तेव्हाही म्हणाला, "फॉरमॅट मारल्यावरच चालू झालं ना शेवटी?" फॉरमॅट ९ मेला, राउटरची टीक २७ मेला. मधल्या अठरा दिवसांत घरच्या नेटवर एकही मॅच लोड झाली नाही, आणि टीक काढली त्या रात्री सगळ्या झाल्या. तरी मोठी माणसं त्याच्याकडेच बघून माना डोलावतात, कारण तो 'त्यातला' आणि मी 'गेम खेळणारा'. गेममधून व्हायरस आला म्हणणाऱ्यांना मी इथे सगळ्यांसमोर सांगतो: स्टीमवरून घेतलेल्या गेमने आमच्या घरात काहीही आणलं नाही. जे गेलं ते न विचारता दाबलेल्या तीन डिलीटमुळे गेलं. आजार कुठे आहे हे न शोधता फॉरमॅट मारणं ही दुरुस्ती नव्हेच. ज्याला शोधायचं नाही त्याचा तो उद्योग.

आता जे आधी सांगायला हवं होतं ते. त्या दिवशी त्याला थांबवायला तोंड मलाही होतं आणि मी गप्प बसलो. बॅकअप घेणं माझंच काम होतं. दुसरं, राउटरमधली सगळी सुरक्षा बंद करू नकोस, फक्त यूडीपी फ्लडची ती एक टीक. फायरवॉल चालूच ठेव. तिसरं, बॉट्सच्या मॅचलाही मॅप यायला मिनिटं लागत असतील तर तुझी जुनी हार्ड डिस्क दमलेली असू शकते. काउंटर-स्ट्राइक २ ला ८५ जीबी जागा आणि किमान ८ जीबी रॅम लागते, आणि हार्ड डिस्कवरून मॅप येईपर्यंत वॉर्मअप संपून जातो. तिथे एसएसडी, म्हणजे वेगवान प्रकारची डिस्क, हाच इलाज, फॉरमॅटने डिस्क तरुण होत नाही. आणि हे वाचणाऱ्या कोणाचा गेम व्हॅलोरंट असेल तर विंडोज ११ वर त्याला टीपीएम २.० आणि सिक्युअर बूट ही सुरक्षेची सेटिंग चालू लागतात. ती बायोसमध्ये, म्हणजे विंडोजच्याही आधी उघडणाऱ्या सेटिंगच्या पानावर असतात, तीही फॉरमॅटने सुरू होत नाहीत. फॉरमॅट खरंच लागतो असे प्रसंग आहेत, खराखुरा व्हायरस असेल, विंडोजच उघडत नसेल. तुझी तर विंडोज उघडते, गेम उघडतो, मेनूही दिसतो.

दादा रविवारी येणार आहेत ना? शनिवारी रात्री हॉटस्पॉटवर एक डेथमॅच टाकून बघ. लोड झाली तर त्यांना नम्रपणे फोन करून येऊ नका सांग. नाही झाली आणि ते आलेच, तर पेनड्राइव्ह लावायच्या आधी घरातल्या सगळ्यांना कॉम्प्युटरसमोर बोलव, डी आणि ई उघड आणि प्रत्येकाला विचार, यात तुझं काही आहे का.