गेटबाहेर लावलेली स्कूटर

प्रश्न : वसतिगृहातलं पार्किंग संध्याकाळीच भरतं. स्कूटर गेटबाहेर अंधारात लावावी लागते. काय काळजी घेऊ? (एक विद्यार्थिनी, पुणे)

उत्तर : नुसत्या हँडल लॉकवर विसंबू नका, जोराच्या झटक्याने ते तुटतं. पुढे डिस्क ब्रेक असेल तर डिस्क लॉक (ब्रेकच्या चकतीत अडकवायचं कुलूप) लावा आणि त्याची आठवणीसाठीची रंगीत दोरी हँडलला अडकवा. नाहीतर सकाळच्या घाईत कुलूप विसरून गाडी पुढे घ्याल आणि आडव्या व्हाल. ड्रम ब्रेक असेल तर जाड साखळी चाकातून घेऊन खांबाला बांधा, पण ताणून. जमिनीवर लोळणारी साखळी हातोड्याने फोडणं सोपं.

रात्री उशिरा परतणार असाल तर लांबच्या सुरक्षित जागेपेक्षा गेटजवळची उजेडातली बरी. गाडीपेक्षा तुम्ही महत्त्वाच्या. धोका वाटला तर ११२ या आपत्कालीन नंबरवर फोन करा.

विमा नुसता थर्ड पार्टी असेल तर चोरीची भरपाई मिळत नाही. चोरी झालीच तर आधी एफआयआर, लगोलग विमा कंपनीला कळवणं. कंपनी दोन्ही किल्ल्या मागते, म्हणून दुसरी डिकीत ठेवू नका.

बंद दिव्याची तक्रार रेक्टरकडे लेखीच द्या, खांबाची नेमकी जागा लिहा आणि पोच घ्या. तोंडी सांगितलेलं कुणाच्या लक्षात राहत नाही.