वाचकांचे प्रश्न : स्नायपर कसा घडतो?

प्रश्न : छर्‍याच्या बंदुकीवर माझा नेम सहसा चुकत नाही. स्पेशल फोर्सेसमध्ये थेट स्नायपर म्हणून भरती होता येतं का?
– एक वाचक, खानापूर

उत्तर : थेट भरती नाही. आधी शिपाई व्हायचं. पलटणीत नेमबाजी, तब्येत आणि स्वभाव पारखून मग स्नायपरच्या कोर्ससाठी निवड होते. पॅरा स्पेशल फोर्सेसचं (छत्रीधारी कमांडो दलाचं) प्रोबेशन, म्हणजे पारखण्याचा काळ, आणखी वेगळा, आणि तिथंच बरेचजण गळतात. आपल्या भागाचा या दलाशी जुना संबंध आहे : आजची 21 पॅरा ही पूर्वीची 21 मराठा लाइट इन्फन्ट्री, आणि मराठा लाइट इन्फन्ट्रीचं केंद्र बेळगावातच आहे.

नेम चांगला आहे हे उत्तमच, पण स्नायपरचा बहुतेक वेळ बघण्यात आणि टिपून ठेवण्यात जातो. म्हणून नजरेची तालीम कसून घेतात. दहा-बारा वस्तू मिनिटभर दाखवायच्या, झाकायच्या आणि बर्‍याच वेळानं लिहून काढायला लावायच्या. नुसतं ‘बॅटरीचा सेल’ लिहून भागत नाही. रंग कोणता, टोक गंजलंय का, तेही हवं.

त्याहून अवघड असतं ते लपत पुढं सरकणं. निरीक्षक दुर्बिणी लावून बसलेले असतात. त्यांच्या नजरेत न येता गोळीच्या टप्प्यात पोचायचं आणि ब्लँक फायर (गोळीविना नुसता बार) करूनही सापडायचं नाही. पोरं पकडली जातात ती ठरावीक चुकांनी. रानातला हिरवा पाला अंगावर खोचून निघतात आणि वाळल्या गवताच्या माळावर उठून दिसतात. खोचलेला पाला उन्हात काही तासांत मान टाकतो, तो बदलायचं राहून जातं. दुर्बिणीची काच चमकते. नळीच्या तोंडाखाली ओलं फडकं अंथरलं नाही, तर बार होताच धूळ उडते आणि जागा कळते.

प्रश्न : अंतर आणि वारा रायफलच मोजते का?
– एक वाचक, अथणी

उत्तर : आता लेझरची साधनं आहेत, पण बॅटरी संपली तरी काम अडता कामा नये म्हणून हिशेब शिकवतातच. दुर्बिणीतल्या खुणा ‘मिल’मध्ये, म्हणजे कोन मोजायच्या एककात, असतात. वस्तूची उंची मीटरमध्ये घ्या, 1000 नं गुणा, दिसलेल्या मिलनी भागा. 2 मीटरचं दार 4 मिल दिसलं, तर अंतर 500 मीटर. दार 1.8 मीटरचंच निघालं, तर खरं अंतर 450. अंदाजातली वीतभर चूक पुढं 50 मीटरची होते, म्हणून दारं, खांब, गाड्यांची चाकं यांची मापं तोंडपाठ हवीत.

वार्‍याला सूत्र पुरत नाही. ताशी 16 किलोमीटरचा आडवा वारा 7.62 मिलिमीटरची गोळी 300 मीटरला साधारण वीतभर ढकलतो, 600 ला जवळजवळ मीटरभर. अंतर दुप्पट, पण सरकणं चौपटीच्या वर. तुमच्याकडं एप्रिलमध्ये काळ्या रानावर जी झळ लवलवते, तिच्यावरून वारा वाचतात. झळ एका बाजूला वाहत असेल तर वारा आडवा. सरळ वर उकळत असेल तर वारा पडलेला, किंवा समोरून अथवा पाठीमागून. हे वाचन स्नायपरसोबतच्या जोडीदाराचं (स्पॉटरचं) काम, आणि बर्‍याचदा तोच दोघांत जास्त अनुभवी असतो.

प्रश्न : श्वास किती वेळ रोखायचा?
– एक वाचक, निपाणी

उत्तर : छाती भरून रोखू नका. श्वास सहज सोडल्यावर जी विसावा घेतल्यासारखी पोकळी येते, त्यातच ट्रिगर दाबायचा. आठ-दहा सेकंदांपुढं नजर धूसर होते, हात थरथरतो. तेव्हा बोट काढा, दोन श्वास घ्या, पुन्हा सुरुवात करा. एनसीसीत .22 रायफल हाती आली की देखरेखीखाली, चेंबर (काडतूस बसतं ती जागा) रिकामं असल्याची खात्री करून, नळीवर नाणं ठेवून ट्रिगर दाबून बघा. नाणं पडलं तर दोष बोटाचा आहे.