पानिपत वाचणाऱ्या मुलीला एनडीएला पाठवायचं का?

प्रश्न : मी भांडुपला राहतो, खासगी कंपनीत नोकरी करतो. मुलगी बारावी सायन्सला आहे. क्लासच्या नोट्सपेक्षा युद्धांची पुस्तकंच जास्त वाचते. फाउंटनच्या फुटपाथवरून पिशव्या भरून जुनी पुस्तकं आणते, घरात ठेवायला जागा नाही. बारावीनंतर इतिहासात बीए करायचं म्हणते. माझा विचार इंजिनीअरिंगचा आहे. तिचे मामा सैन्यातून सुभेदार म्हणून निवृत्त झाले. ते म्हणतात, एवढी आवड आहे तर एनडीएला, म्हणजे खडकवासल्याच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीला, घाला. गणपतीत पाहुण्यांसमोर पानिपतावरून ती मामांशीच वाद घालत बसली. मामा म्हणाले, विश्वासराव पडले आणि भाऊ हत्तीवरून उतरले म्हणून लढाई गेली. ही म्हणाली, लढाई त्याआधीच दाण्यागोट्यावर हरली होती. आम्हाला ओशाळल्यासारखं झालं. मार्गदर्शन करा. पुस्तकं निदान परीक्षेपर्यंत रद्दीत घालावीत का, हेही सांगा.

उत्तर : नमस्कार. रद्दीचा विचार आधी डोक्यातून काढा. माळ्यावर टाकली तरी ती उतरवून वाचेलच, आणि मध्ये अबोला होईल तो वेगळा.

ज्या वादाने तुम्ही ओशाळलात, तुमच्या पत्रातली सगळ्यात उपयोगी माहिती मला त्यातच मिळाली. १४ जानेवारी १७६१ च्या आधी मराठी फौज दोन महिन्यांहून जास्त काळ पानिपतला अडकून पडली होती. रसद पोचवायची भिस्त ज्यांच्यावर होती ते गोविंदपंत बुंदेले डिसेंबरात मारले गेले. फौजेबरोबर बाजारबुणगे, यात्रेकरू, बायकामुलं होती, आणि ती सगळी तोंडं खाणारी होती. मामा सांगतात तेही खरंच आहे, विश्वासराव पडल्यावर फौजेचा धीर सुटला. पण सतरा वर्षांची मुलगी ‘कोण शूर’ हे सोडून ‘खायला काय होतं’ असं विचारत असेल, तर तिचं वाचन करमणुकीच्या पुढे गेलेलं आहे.

युद्धावरची पुस्तकं वाचणारी बरीच मुलं माझ्याकडे येतात. त्यातली बहुतेक तलवारी, तोफा, रणगाडे आणि सेनापतींवर भाळलेली असतात. त्यात वाईट काही नाही, पण तेवढ्यावर करिअर उभं राहत नाही. काहींना डावपेचांची गोडी असते, त्यांचं बुद्धिबळावरही तितकंच प्रेम असतं. फार थोड्यांना प्रश्न पडतो की हे लिहिणारा कोण होता, आणि त्याला हे कसं कळलं? या शेवटच्या प्रश्नावर माझा सगळा भर असतो, कारण इतिहासाचा धंदा त्याच्यावरच चालतो.

ग्रीक इतिहासकार थ्युसिडिडीजचंच घ्या. अथेन्सचा हा सेनापती इ.स.पू. ४२४ मध्ये अँफिपोलिस वाचवायला वेळेत पोचला नाही, म्हणून वीस वर्षं हद्दपार झाला. हद्दपारीमुळेच त्याला अथेन्स आणि स्पार्टा अशा युद्धातल्या दोन्ही बाजूंच्या माणसांशी बोलता आलं. एकच प्रसंग पाहणारे वेगवेगळं सांगतात, कारण कुणाची स्मरणशक्ती कमी पडते, कुणाचा ओढा एका पक्षाकडे असतो, हे त्याने स्वतःच लिहून ठेवलंय. पानिपताचंही तसंच आहे. मराठी बखर एक सांगते, आणि अवधचा नवाब शुजाउद्दौल्याच्या पदरी असलेला काशीराज पंडित फारसीत जे लिहितो ते समोरच्या छावणीतून पाहिलेलं आहे. शिवाय लढाई फक्त लढणाऱ्याने लिहावी असंही नाही. पेणजवळच्या वरसईचे गोडसे भटजी दक्षिणा मिळवायला उत्तरेत गेले आणि १८५७ च्या धामधुमीत सापडले. झाशीचा वेढा त्यांनी आतून पाहिला. ‘माझा प्रवास’मध्ये एका भिक्षुकाच्या नजरेने शहर पडताना दिसतं, आणि सेनापतींच्या खलित्यांत जे येत नाही ते तिथे येतं. मुलीने वाचलं नसेल तर घेऊन द्या. वाचलेलंच असेल म्हणा.

आता मामांचा मुद्दा. युद्धावर वाचायला आवडणं आणि युद्धाची नोकरी करायला आवडणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. एनडीएच्या लेखी परीक्षेत गणिताला ३०० आणि सामान्य क्षमता चाचणीला ६०० गुण असतात, त्यात इतिहासाचा वाटा लहानसाच. पुढे एसएसबीचे, म्हणजे सैन्याच्या निवड मंडळाच्या चाचण्या-मुलाखतींचे, पाच दिवस असतात. तिथे कुणी पानिपत विचारत नाही. गटात तुम्ही कसे वागता, दडपणाखाली निर्णय कसा घेता, हे पाहतात. मुलगी असण्याची अडचण आता राहिलेली नाही. २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने परीक्षा मुलींना खुली झाली आणि मे २०२५ मध्ये १७ मुलींची पहिली तुकडी खडकवासल्यातून बाहेर पडली. तेव्हा तिला स्वतःला गणवेश हवा असेल तर जरूर फॉर्म भरावा. वयाची अट साडेसोळा ते साडेएकोणीस आहे. आज नको वाटलं आणि पुढे वाटलं, तर पदवीनंतर सीडीएस या सैन्याधिकारी भरती परीक्षेतून चेन्नईच्या अधिकारी प्रशिक्षण अकादमीचा रस्ता आहेच. मात्र मामांच्या हौसेखातर नको.

इंजिनीअरिंगबद्दल तुम्ही तिला विचारलंय असं पत्रात कुठे दिसलं नाही. एवढंच म्हणतो.

इतिहासाकडे जायचं तर पैशाचं स्पष्ट सांगायला हवं. ‘लष्करी इतिहासकार’ अशा पगारी जागा आपल्याकडे जवळपास नाहीत. काम मिळतं ते प्राध्यापकीत (कायम नेमणुकीला वर्षं लागतात), अभिलेखागारात, संग्रहालयात, प्रकाशनात, वृत्तपत्रात, संरक्षण विषयावरच्या अभ्यास संस्थांत. यांपैकी कुठेही नुसत्या ‘आवड आहे’वर दार उघडत नाही, त्यासाठी हातात एखादं दुर्मिळ कौशल्य लागतं. माझ्या मते ते कौशल्य म्हणजे लिपी आणि भाषा. पुण्याच्या पेशवे दफ्तरातले कागद मोडी लिपीत आहेत आणि ते सराईतपणे वाचणारे कमी. राज्याचा पुराभिलेख विभाग मोडीचे प्रशिक्षण वर्ग घेतो. त्याचं मुंबईतलं अभिलेखागार काळाघोड्याला एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीत आहे, म्हणजे तिच्या फाउंटनच्या फुटपाथपासून चालत. मोडीच्या जोडीला फारसी किंवा पोर्तुगीज घेतली तर ती गर्दीतून बाहेर पडेल.

सायन्स मात्र मध्येच सोडू देऊ नका. बारावी सायन्स करून बीएला प्रवेश मिळतो, एनडीएच्या नौदल आणि हवाई दलासाठी फिजिक्स-मॅथ्स लागतंच, आणि गणिताची भीती गेलेली इतिहासाची विद्यार्थिनी मला तरी हवी आहे. बीएला इतिहासाबरोबर भूगोल घेता आला तर घ्यावा. नकाशे संगणकावर करायला शिकली, तर रणभूमीच्या अभ्यासाला ते लागतंच, पण इतिहासात काम मिळेपर्यंत पोटालाही आधार होतो. एमएसाठी मुंबई विद्यापीठाचं कलिना आहे, पुणे विद्यापीठात संरक्षण व सामरिकशास्त्र विभाग आहे. एवढं पुढचं आज ठरवायची गरज नाही.

ठरवण्याआधी एक परीक्षा घ्या. बोर्ड संपल्यावर तिला वसईचा किल्ला पाहून येऊ दे. चिमाजी आप्पांच्या फौजेने तो १७३९ मध्ये पोर्तुगीजांकडून घेतला. तिने या वेढ्यावर पाच-सहा पानं लिहावीत, पण मराठी आणि पोर्तुगीज अशा दोन्ही बाजूंचं वाचून, आणि जिथे दोघांचं जुळत नाही तिथे तसं सांगून. दादरच्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयात तिला सुरुवातीपुरतं साहित्य मिळेल. पानं चांगली झाली की वाईट, हे महत्त्वाचं नाही. न जुळणाऱ्या जागांवर ती कंटाळते की तिथेच रमते, ते बघा. कंटाळली तर वाचन छंद म्हणून राहू द्या आणि इंजिनीअरिंगचं बोलणं पुन्हा काढा. रमली तर बीएचा फॉर्म भरा.

आणि मामांना सांगा, वाद बाजूला ठेवून एक दुपार भाचीला द्या. चौकीवर शिधा कसा पोचायचा, रस्ता बंद झाला की काय खायचे, किती दिवसांचा साठा असायचा, हे तिने विचारावं आणि त्यांच्या परवानगीने मोबाइलवर रेकॉर्ड करावं. जे सांगता येत नाही ते मामा सांगणार नाहीत, ते त्यांना कळतं.