हुकूम हातात, अंमल मात्र नाही

प्रश्न : वडील जिल्हा परिषदेच्या शाळेतून निवृत्त झाले. थकीत रक्कम 12 आठवड्यांत द्यावी, असा उच्च न्यायालयाचा आदेश होऊन 7 महिने झाले. कार्यालय म्हणते, ‘आम्ही अपिलात जाणार आहोत.’ अवमान याचिका करता येईल का?

उत्तर : येईल. पण आधी आदेशाचा शेवटचा परिच्छेद शब्दन् शब्द वाचा. ‘रक्कम द्या’ आणि ‘अर्जावर निर्णय घ्या’ यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. निर्णय घ्या एवढेच म्हटले असेल आणि कार्यालयाने अर्ज फेटाळला, तरी सहसा आदेश पाळला असेच धरतात. मग त्या नकाराविरुद्ध नवी याचिका लागते. वडिलांचा आदेश पहिल्या प्रकारचा दिसतो. मुदत आदेशाच्या तारखेपासून की प्रत मिळाल्यापासून, हेही तिथेच पाहा.

अवमान ठरायला आदेश जाणूनबुजून मोडलेला असावा लागतो. म्हणजे अधिकाऱ्याला तो माहीत होता, हे तुम्ही दाखवायचे. प्रमाणित प्रत पत्रासोबत आवक शाखेत द्या आणि तुमच्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख, शिक्का, सही घ्या. तोंडी सांगितलेले तिथे टिकत नाही. मध्येच अधिकारी बदलला असेल तर नव्यालाही प्रत द्या, कारण शिक्षा खुर्चीला नव्हे, माणसाला होते. याचिकेत पदनामासोबत नाव हवे.

‘अपिलात जाणार’ या उत्तराने थांबू नका. अपील दाखल झाले तरी तेवढ्याने स्थगिती मिळत नाही. स्थगितीचा आदेश असेल तर त्याची प्रत लेखी मागा.

सगळ्यात जपायची गोष्ट तारीख. न्यायालय अवमान अधिनियम, 1971 च्या कलम 20 नुसार अवमान घडल्यापासून 1 वर्षाच्या आत याचिका हवी. स्मरणपत्रे पाठवत राहिल्याने हे वर्ष वाढत नाही. ‘फाइल वर गेली आहे’ ऐकत ज्येष्ठांचे ते वर्ष निघून जाते, याचे फार वाईट वाटते. वकिलामार्फत 15 दिवसांची नोटीस द्या आणि लगेच याचिका तयार ठेवा. दिवाणी अवमानाला, म्हणजे असा आदेश न पाळण्याला, महाधिवक्त्यांची (राज्य सरकारच्या सर्वोच्च कायदा अधिकाऱ्याची) संमती लागत नाही.

शिक्षा 6 महिन्यांपर्यंत साधी कैद, 2,000 रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. मनापासूनची माफी न्यायालय स्वीकारू शकते. पुष्कळदा नोटीस निघताच रक्कम जमा होते. मात्र मूळ आदेशात व्याज नसेल तर ते इथे मागता येत नाही.

प्रश्न : दिवाणी न्यायालयाची तात्पुरती मनाई असताना शेजाऱ्याने सामाईक वाटेवर भिंत घातली. उच्च न्यायालयात जावे का?

उत्तर : आधी त्याच न्यायालयात जा. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 39, नियम 2अ खाली अर्ज करा. मालमत्ता जप्ती आणि 3 महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. भिंतीचे तारखेसह फोटो जोडा आणि कोर्ट कमिशनर (जागेची पाहणी करून न्यायालयाला अहवाल देणारी व्यक्ती) नेमण्याचा अर्जही द्या. दाव्याचा अंतिम हुकूमनामा झाला असेल तर हा अर्ज नाही, दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, करावी लागते.