बेळगावात राहून स्वतंत्र सिनेमॅटोग्राफर व्हायचंय तर

शॉर्ट फिल्म, माहितीपट, लग्न, जाहिरात, सगळंच करायचं म्हणतोयस तर दरवर्षी कॅमेरा बदलत बसू नकोस, तो भाड्याने मिळतो. पैसे एनडी फिल्टर (लेन्ससमोर लावायची, उजेड कमी करणारी काच), दणकट ट्रायपॉड आणि चांगल्या मेमरी कार्डांवर घाल.

भर दुपारी येळ्ळूरच्या शिवारात आयएसओ (उजेडाची संवेदनशीलता) ८००, शटर १/५० सेकंद आणि मागचं धूसर ठेवणारं एफ २.८ (लेन्सचं मोठं छिद्र) हवं असेल तर साधारण ९ स्टॉप उजेड कापावा लागतो; एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा. ६ स्टॉपचाच एनडी असेल तर छिद्र लहान करून एफ ८ वर जावं लागेल आणि मागचं पीक बरंच स्पष्ट दिसायला लागेल. व्हेरिएबल एनडी (फिरवून कमीजास्त करता येणारा) पार टोकापर्यंत फिरवलास की फ्रेमवर काळी फुली उमटते, वाइड लेन्सवर तर लवकरच.

घरातल्या ट्यूबखाली पट्टे सरकताना दिसले की लगेच कॅमेऱ्याला दोष देऊ नकोस. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे दिवा सेकंदाला १०० वेळा कमीजास्त होतो. शटरची वेळ या लयीशी जुळली की पट्टे जातात. सेकंदाला २४ फ्रेम असताना शटरचा कोन १८० अंश म्हणजे १/४८ सेकंद, त्याऐवजी १७२.८ अंश ठेव, बरोबर १/५० होतं. स्लो मोशन ५० फ्रेम आणि १/१०० वर घे, ६० फ्रेम आणि १/१२० टाळ.

पावसात जांबोटीकडे एसी गाडीतून उतरल्याबरोबर बॅग उघडू नकोस. अर्धा तास बंद राहू दे, नाहीतर लेन्सवर बाष्प धरतं. ओल्या बॅगेत लेन्स तशीच राहिली तर बुरशी ठरलेली.

मानधन आणि सामानाचं भाडं वेगळं लिहून घे. आणि कन्नड नीट शीक. हुबळी-धारवाडच्या युनिटवर लाइटवाल्याला काम त्याच्या भाषेत सांगता आलं पाहिजे.