रेशन दुकानाचा परवाना नोटीस न देता सस्पेंड केला, डायरेक्ट हायकोर्टात जाता येईल का?

तुम्ही लिहिलंय की तपासणीत गहू कमी भरला म्हणून वडिलांचं रेशन दुकान नोटीस न देता निलंबित केलं आणि कार्डं शेजारच्या गावच्या दुकानाला जोडली. हायकोर्टात जाता येतं, पण आधी अपील का नाही केलं हे तिथे पहिल्यांदा विचारतात. मी वकील नाही, आमचं दुकान सात महिने बंद होतं, त्यात जे कळलं तेवढं सांगतो.

आधी ऑर्डर नीट वाचा. चौकशी होईपर्यंत निलंबन आहे, का शिक्षा म्हणून, का परवानाच रद्द केलाय, यावर सगळं फिरतं. चौकशीपुरतं असेल तर आधी सुनावणी दिली नाही हे कधीकधी चालून जातं, पण चौकशीची तारीखच नाही आणि दुकान महिनोन्महिने बंद, हे चालत नाही, आणि शिक्षा किंवा रद्द असेल तर कारणे दाखवा नोटीस आणि म्हणणं मांडायची संधी पाहिजेच.

जिल्हा पुरवठा अधिकाऱ्याची ऑर्डर असेल तर आपल्याकडे महाराष्ट्रात वर विभागाचे उपायुक्त (पुरवठा), त्यांच्यावर पुनरीक्षण (म्हणजे ऑर्डर पुन्हा तपासायचा अर्ज) पुरवठा मंत्र्यांकडे, आणि मग हायकोर्ट, राज्यघटनेचं कलम २२६ किंवा २२७. रेशन वाटपाच्या केंद्राच्या २०१५ च्या कंट्रोल ऑर्डरमध्ये अपिलाला ३० दिवस दिलेत, ते धरून चला, शेवटच्या दिवसाची वाट बघू नका. अपिलासोबत स्थगितीचा अर्ज वेगळा लावा. आमच्या पहिल्या वकिलांनी तो लावलाच नव्हता, दोन महिने तसेच गेले!! नोटीसच दिली नाही किंवा अधिकार नसलेल्याने ऑर्डर काढली असं असेल तर अपील न करताही रिट (हायकोर्टातला थेट अर्ज) ऐकतात, सुप्रीम कोर्टाची १९९८ ची व्हर्लपूल केस त्यासाठी सांगतात. पण हायकोर्ट धान्याचे कट्टे (पोती) मोजत बसत नाही, माल होता का नव्हता हा वाद खालीच मांडावा लागतो.

म्हणून खरी लढाई पंचनाम्याची. आमच्याकडे गव्हाचे सहा कट्टे कमी, म्हणजे तीन क्विंटल. झालं होतं असं की ट्रकवाल्याने चाळीस कट्ट्यांचा अंगठा ई-पॉसवर (दुकानातल्या अंगठ्याच्या मशीनवर) घेतला, उतरवले चौतीस, बाकीचे दुसऱ्या फेरीत आणतो म्हणाला आणि मधल्या दिवशी तपासणी आली. बाबांनी जबाब न वाचता सही केली, खाली "वरील मजकूर मान्य" लिहिलेलं होतं. तुमच्याकडे असं काही झालं असेल तर आजच्या आज लेखी खुलासा द्या आणि पोच घ्या, तीन महिन्यांनी दिलेल्या खुलाशावर कोणी विश्वास ठेवत नाही. पंचनामा, कार्डधारकांचे जबाब, निरीक्षकाचा अहवाल, सगळ्याच्या नकला मागा, माहिती अधिकारात ३० दिवस जातात म्हणून साधा नक्कल अर्जच करा. ज्या जबाबांवर कारवाई केली ते तुम्हाला दाखवलेच नाहीत हा मुद्दा फार चालतो. आमच्याकडे अकरा जणांचे जबाब होते, अकराही एकाच अक्षरातले, शब्द न शब्द सारखे, त्यातल्या एक आजी त्या दिवशी गावातच नव्हत्या.

अजून एक, ऑर्डरमध्ये तुमच्या खुलाशावर एक ओळ तरी आहे का बघा. "खुलासा समाधानकारक नाही" एवढंच असेल तर ती कारण नसलेली ऑर्डर म्हणून टिकायला अवघड, आणि राहिलेली कारणं नंतर कोर्टात अ‍ॅफिडेव्हिट करून घालता येत नाहीत, मोहिंदर सिंग गिल केसमध्ये सुप्रीम कोर्टाने १९७७ सालीच सांगितलंय. आमची ऑर्डर यावरच रद्द होऊन फेरचौकशीला गेली. निर्दोष म्हणून सुटलो नाही हां, हे पण लक्षात ठेवा.

एफआयआर झाली असेल (जीवनावश्यक वस्तू कायद्याचं कलम ७) तर ते प्रकरण पूर्ण वेगळं, त्याला फौजदारी वकील बघा आणि इथल्या खुलाशात काय लिहिताय ते त्याला आधी दाखवा.

स्थगिती मिळाली की कॉपी घेऊन स्वतः तहसीलला जा, पुढच्या महिन्याचं नियतन (दुकानाला मिळणारा धान्याचा कोटा) निघायच्या आत. टपालाने जाईल म्हणून बसू नका. आमची चार दिवस उशिरा पोचली आणि तो पूर्ण महिना दुकान उघडं, मशीन चार्ज केलेलं, आणि आत एक कट्टा नाही.